जिनं लावल्या, तिनंच वाचाव्या

डब्याचं झाकण ओट्यावरून निसटलं आणि फरशीवर गोल गोल फिरत राहिलं. आधी मोठ्यानं, मग बारीक, मग नुसतं थरथरत, आणि शेवटी गप्प. उठल्यापासून घरात झालेला हा पहिलाच मोठा आवाज. मी आणि नवरा बोलत नव्हतो, आणि आमचं न बोलणं असं की भांडीसुद्धा जपून ठेवली जातात.

"आई, झाकण दमलं," भिंगरी म्हणाली. माझी लेक. शाळेत जायला अजून वर्ष आहे, तोवर पाळणाघर. ती एका पायात मोजा घालून उभी होती आणि दुसरा मोजा तिनं हातात घातला होता.

आम्हा दोघांनाही हसू आलं, पण आधी कोण हसणार? शेवटी नवऱ्यानंच झाकण उचललं, धुतलं आणि माझ्यापुढे धरलं.

"साहेबाला कोर्टात उभं करायचंच का?" तो म्हणाला. "खुर्ची दिलीय ना त्यांनी? पाण्यात राहून माशाशी वैर कशाला?"

"खुर्ची दिलीय. काम नाही दिलं."

"लोक बिनकामाची खुर्ची मिळावी म्हणून नवस बोलतात."

"मग तू येऊन बस. बोळात बस दिवसभर, भिंतीकडे तोंड करून. संध्याकाळी सांग मला, कसं वाटतं."

भिंगरीनं हातातला मोजा त्याच्या नाकावर घातला आणि म्हणाली, "बाबा, तू पण दमला." त्या मोज्यामुळं आमचं भांडण दारापर्यंत गेलं आणि तिथंच राहिलं.

मी शहराच्या पाणी तपासणीच्या प्रयोगशाळेत काम करते. नळांचं, टाक्यांचं, दवाखान्यांचं पाणी बाटल्यांतून येतं, ते आम्ही काचेच्या नळ्यांत लावतो. नळीत जांभळं द्रावण असतं आणि आत एक बोटाच्या पेराएवढी उलटी नळी. रात्रभर त्या नळ्या उबेच्या कपाटात ठेवायच्या. पाणी वाईट असेल तर द्रावण पिवळं पडतं आणि उलट्या नळीत बुडबुडा अडकतो; सकाळी ते बघून वहीत लिहिणं म्हणजे नळ्या वाचणं. भिंगरी पोटात असताना मला तो बुडबुडा बघून उगाच माया यायची, आणि मग आठवायचं की हा तर वाईट पाण्याचा पुरावा.

आमच्याकडे एक रीत आहे, कुठल्या नियमात लिहिलेली नाही, पण सगळे पाळतात. जिनं लावल्या, तिनंच वाचाव्या. कुठल्या नळीत किती पाणी घातलं, कुठली बाटली गळकी आली, हे लावणारीलाच ठाऊक. म्हणून नळ्या उभ्या ठेवायच्या लाकडी घोडीवर प्रत्येकीची खूण असते. माझी तीन पाकळ्यांचं फूल. दुसरीच्या घोडीला हात लावणं म्हणजे दुसरीच्या ताटात जेवणं.

आम्ही सगळ्या कंत्राटी. दरवेळी मुदत संपली की नवा कागद यायचा. इतकी वर्षं झाली, आता कायम करा, असा अर्ज मी दिला आणि माझा कागद यायचा थांबला. माझ्या टेबलावर दुसरी मुलगी घेतली, तीही कंत्राटीच. मी कोर्टात गेले. कोर्टानं अंतरिम आदेश दिला : अंतिम निकाल लागेपर्यंत हिला त्याच जागी, त्याच कामावर ठेवा.

तो आदेश घेऊन गेले तेव्हा मोठ्या बाबूंनी, म्हणजे आमच्या हेडक्लार्कनं, तो दोन बोटांत धरला. उंदीर शेपटीला धरावा तसा. आधी म्हणाले, प्रत नीट दिसत नाही. मग म्हणाले, साहेब रजेवर आहेत. मग म्हणाले, वरच्यांचं मत मागवलंय. शेवटी एके दिवशी बाटल्या धुण्याच्या खोलीबाहेरच्या बोळात एक खुर्ची टाकली.

"बसा. आदेशाचं पालन झालं."

"टेबल?"

"टेबलाचं बघू. आदेश कोर्टाचा असतो बाई, फर्निचर ऑफिसचं असतं."

तेव्हापासून मी तिथं बसते. येणारे-जाणारे माझ्या गुडघ्यांना वळसा घालून जातात. ज्यांच्याबरोबर मी एका डब्यात जेवले, त्या बोळाच्या तोंडाशी आल्या की फोन कानाला लावतात. एकीचा फोन कानाला असतानाच वाजला, तेव्हा ती कशी लाल झाली होती! मीच मान वळवली.

आणि माझ्या टेबलावर ती. नवी. वयानं माझ्याहून लहान, बोलायला तिखट. तिची खूण होडी. तिचा मुलगा ढब्बू आमच्याच पाळणाघरात, भिंगरीचा जीव की प्राण. तिथं एक लाल खुर्ची आहे, त्या खुर्चीवर दोघांचा हक्क. एक जेवताना बसतो, एक गोष्टीच्या वेळी. कुणी ठरवून दिलं, देव जाणे. आणि आम्ही दोघी आया दाराशी बूट चढवताना एकमेकींच्या सावलीलाही शिवत नव्हतो. क्वचित ती म्हणायची, "काय ताई, आज बोळात वारा होता का?" मी म्हणायची, "होता ना. तुझ्या टेबलावर उकडत असेल." मुलं मात्र एकमेकांच्या टोप्या घालून बसलेली.

अवमान याचिका करायची हे वकीलबाईंनी ठरवलं. त्यांचा आवाज घोगरा, चष्मा कपाळावर. मी रडत सांगत होते, माझा किती अपमान होतो तिथं. त्यांनी हात वर केला.

"तुझ्या अपमानाला कायद्यात कलम नाही. कोर्टाच्या अपमानाला आहे. डोळे पूस."

कोर्टानं साहेबांना जातीनं हजर राहायला सांगितलं. साहेब म्हणजे प्रयोगशाळेचे मुख्य रसायनतज्ज्ञ. आवाज कधी चढवत नाहीत, ते फक्त नाव विसरतात. माझं नाव ते आदेश आल्या दिवसापासून विसरले होते. मी 'त्या कोर्टवाल्या'.

ते झाकण पडलं त्या दिवशी मी कामावर गेले, तर मोठे बाबू बोळात उभे. हसत. त्यांचं हसू मी त्याआधी पाहिलं नव्हतं, आणि पाहिलं नसतं तरी चाललं असतं.

"चला. तुमचं टेबल तुमची वाट बघतंय."

दुसऱ्या दिवशी कोर्टाची तारीख होती. मला कळायला हवं होतं. पण पाय आपोआप चालले. माझं टेबल, त्याचा तो डाव्या कोपऱ्यातला जळका डाग, खिडकीतून पडणारा उजेड. डोळे भरूनच आले. मग खुर्चीच्या पाठीवर टाकलेला ॲप्रन दिसला. खिशातून डोकावणारा केसांचा चाप. आणि घोडीवर कपाटातून काढून ठेवलेल्या नळ्या. खूण होडीची.

"ती कुठाय?" मी विचारलं.

"कोण?"

"ह्या नळ्या जिनं लावल्या ती."

साहेब त्यांच्या खोलीतून आले. हात पाठीमागं. "त्यांना सकाळी फाटकावरच पत्र दिलं. कोर्टाच्या आदेशाप्रमाणे तुम्हाला ह्या जागी घ्यायचं, म्हणून त्यांची सेवा संपवावी लागली. काय करणार? आदेश म्हणजे आदेश."

"दोन टेबलं रिकामी आहेत, साहेब." आमच्यातल्या दोघी जुन्या काम सोडून गेल्या, त्यांच्या खुर्च्यांवर आता रिकामी खोकी बसतात.

"तुम्हाला तेच टेबल हवं होतं ना? कोर्टात तसंच लिहिलंय तुम्ही."

"मी तिला काढा म्हणाले नव्हते."

"तुम्ही काय म्हणालात ते आम्ही बघत नाही. कोर्ट काय म्हणालं ते बघतो. वाचा त्या नळ्या."

"ह्या माझ्या नाहीत. ही इथली रीत आहे, तुम्हाला माहीत आहे."

"रीत?" साहेब बाबूंकडे बघून म्हणाले. "लिहून घ्या, बाबू. काम दिलं, कामाला नकार दिला."

बाबूंच्या हातात कागद नव्हता, फोन होता, कॅमेरा उघडलेला. खोलीतल्या बाकीच्या सगळ्या खाली मान घालून कामात. कुणाच्या पिपेटमधून थेंबही पडत नव्हता, इतकं काम.

घोडीवर चिठ्ठी होती : बाळंतपणाचा दवाखाना, पिण्याचा नळ. मी नको नको म्हणतानाच बघितलं. पिवळं. बुडबुडे. एकदोन नळ्यांत नाही, जवळजवळ सगळ्यांत. नुकत्याच आई झालेल्या बायका त्या नळाचं पाणी पीत असणार. आता वाचलं नाही तर नवी बाटली, नवी नळी, पुन्हा रात्रभर कपाट. मी खाली बसले. एकेक नळी उजेडाला धरली. वहीत लिहिलं. दवाखान्याला फोन लावला. पाण्यासाठी वाचलं म्हणू की टेबलासाठी? दोन्हींची सरमिसळ अशी झाली होती की मलाच वेगळं करता येईना. मी नळी डोळ्यासमोर धरली होती तेव्हा फोनचा खटका वाजला.

"छान आलाय," बाबू म्हणाले.

संध्याकाळी ती पाळणाघराच्या दाराशीच उभी होती. ढब्बूचा हात तिनं इतका घट्ट धरला होता की तो हात सोडवायला गोल गोल फिरत होता.

"बसलात का ताई? मऊ आहे ना खुर्ची? मी उशी आणून ठेवली होती."

"मी तुला काढायला सांगितलं नाही गं."

"नाही ना. तुम्ही फक्त माझ्या टेबलाचा पत्ता कोर्टाला दिलात."

"ते आधी माझं होतं."

"आणि मी काय तुमच्या घरात घुसले होते? मला जाहिरात दिसली, मी आले. तुम्हाला काढलंय हे मला जेवायच्या सुट्टीत कळलं. तोवर मी माझ्या आईला फोन करून सांगितलं होतं, नोकरी लागली म्हणून." तिचा आवाज चिरकला. ते तिला मुळीच आवडलं नाही, म्हणून ती आणखी मोठ्यानं बोलली. "माझ्या नळ्या वाचल्यात?"

"वाचल्या."

"कोणाच्या?"

"तुझ्या."

"लाज वाटली?"

"दवाखान्याचं पाणी होतं. सगळ्यात बुडबुडे होते."

ढब्बूच्या हातावरची तिची पकड सैल झाली. "तळमजल्याचा नळ? मला वाटलंच होतं. बाटलीलाच वास येत होता." तेवढ्यापुरत्या आम्ही दोघी एकाच टेबलावर होतो. मग तिला आठवलं. "उद्या कोर्टात गप्प बसा. साहेब म्हणालेत, हे प्रकरण निवलं तर मला रिकाम्या टेबलावर घेतील. तुमचं तुम्हाला मिळालं. आता माझ्या घासात माती कालवू नका."

"साहेबांनी लिहून दिलंय?"

"तुम्हाला कोर्टानं लिहून दिलं होतं. काय झालं त्याचं? बोळातच बसलात ना?"

आत भिंगरी आणि ढब्बू, तो हात सोडवून पळाला होता, एका लाल खुर्चीत दोघं कोंबून बसायचा प्रयत्न करत होते. दोघंही खाली पडले आणि खिदळले. आम्ही दोघींनी आपापलं पोर उचललं.

घरी मी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो भिंगरीचे केस विंचरत होता, गाठ निघेना तर फुंकर घालत होता. "गप्प बसलीस तर दोघींचं भागेल," तो म्हणाला. मग गाठ सुटल्यावर, "आणि पुढच्या वेळी तो कुणाला तरी बोळात बसवेल. तुलाच कदाचित." मी म्हटलं, "एक काहीतरी सांग ना." तो म्हणाला, "एकच सांगता आलं असतं तर सकाळीच नसतं सांगितलं?"

कोर्टात आमचा नंबर जेवणाच्या सुट्टीच्या तोंडावर आला. न्यायाधीशांना सर्दी झाली होती, ते रुमालात नाक धरूनच वाचत होते. साहेब पहिल्या रांगेसमोर हात जोडून उभे. तेच हात, जे ऑफिसात कायम पाठीमागं असतात. समोर आल्यावर ते किती लहान दिसले.

साहेबांच्या वकिलांनी प्रतिज्ञापत्र वाचलं. आदेशाचा अत्यंत आदर आहे. आदेश मिळाल्या दिवसापासून अर्जदार बाईंना त्याच टेबलावर, त्याच कामावर ठेवलं आहे. सोबत छायाचित्र. काही गैरसमज झाला असेल तर बिनशर्त माफी.

आदेश मिळाल्या दिवसापासून. वकीलबाईंनी मला कोपरानं ढोसलं आणि छायाचित्राची प्रत माझ्याकडे सरकवली. मी नळी उजेडाला धरून उभी, चेहरा अर्धा. आणि घोडी पुढ्यात, अगदी स्पष्ट. बाबूंना फोटो खरंच छान आला होता. होडी दिसत होती, तिचं शीडसुद्धा.

त्यांच्यापैकी एकालाही ती दिसली नव्हती. फोटो काढताना नाही, चिकटवताना नाही, सही करताना नाही. कारण त्या खुणा त्यांनी कधी बघितल्याच नव्हत्या. त्यांच्यासाठी नळ्या म्हणजे नळ्या आणि बाया म्हणजे बाया.

"बाई," न्यायाधीश रुमालाआडून म्हणाले, "काम मिळालं ना तुम्हाला?"

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. आणि नाव आठवलं त्यांना. ओठांनीच, आवाज न करता, त्यांनी माझं नाव घेतलं.

हो म्हटलं असतं तर ते खोटं ठरलं नसतं. काल मिळालं होतं. मी हो म्हणायला तोंड उघडलं, आणि त्या बोळातला ओल्या बाटल्यांचा वास नाकात आला.

"काल मिळालं," मी म्हटलं. "त्या दिवसापासून नाही. ह्या फोटोतल्या नळ्या माझ्या नाहीत. खूण होडीची आहे. माझी खूण फूल आहे. आमच्याकडे जिनं लावल्या तीच वाचते. फोटोच्या आदल्या दिवशी ह्या नळ्या दुसरीनं लावल्या, तेव्हा मी बोळात बसले होते."

न्यायाधीशांनी रुमाल खाली ठेवला. छायाचित्र डोळ्यांजवळ नेलं. "ही होडी का? मला टोपी वाटली." कुणीतरी हसलं, लगेच थांबलं. "आणि ती दुसरी कुठे आहे?"

"तिला काल सकाळी काढलं. माझ्या आदेशाचं कारण सांगून. दोन टेबलं रिकामी असताना."

"ती बाई ह्या प्रकरणात पक्षकार नाही, महोदय," साहेबांचे वकील घाईनं म्हणाले.

"नाही," न्यायाधीश म्हणाले. "ती आज आमच्यासमोर नाही. तिला यायचं तर रस्ता मोकळा आहे." मग साहेबांकडे वळून, अगदी शांतपणे, "पण तुम्ही आहात. शपथेवर खोटं लिहून माफी मागता? ही माफी मी घेत नाही. पुढच्या तारखेला पुन्हा या. जातीनं. आणि तोवर ह्यांच्या टेबलाला हात लावायचा नाही."

बाहेर वकीलबाईंनी माझी पाठ थोपटली. "होडीनं बुडवलं त्याला!" त्या खूश होत्या. साहेब शेजारून गेले, हात परत पाठीमागं.

"तुम्ही जिंकलात," ते थांबून म्हणाले. "तिला सांगा. मला तर आता तिच्यासाठी काही करता येणार नाही. तुमच्या तोंडानं रिकामी टेबलं कोर्टात गेली. आता प्रत्येक खुर्ची कोर्टाची."

"तुम्ही तिला घेणारच नव्हतात."

"हे तिला पटवा," साहेब म्हणाले.

मी तिला पटवायला गेले, वकीलबाईंचा नंबर चिठ्ठीवर लिहून. वाटेत शंभर वाक्यं जुळवली. तू पण कोर्टात ये. रिकाम्या टेबलांवर तुझा हक्क आहे, मी साक्ष देते, होडी तुझी आहे हे मीच सांगितलंय. पाळणाघराच्या दाराशी तिच्या चपला नव्हत्या. आत खुंटीवर ढब्बूची पिशवी नव्हती. पाळणाघरातल्या काकूंनी माझ्याकडे न बघता खेळणी गोळा केली.

"दुपारीच घेऊन गेली त्याला. उद्यापासून येणार नाही म्हणाली. काय झालं मी विचारलं नाही बाई, मला दोन्ही पोरं सारखी."

तिचा फोन लावला. वाजत राहिला, मग बंद झाला. चिठ्ठी मी काकूंकडे दिली. त्यांनी ती घेतली, पण दोन बोटांत धरली.

भिंगरी लाल खुर्चीवर बसली होती. एकटी, अगदी कडेला, निम्मी जागा सोडून. मी खाली बसून तिचे बूट चढवायला लागले. तिनं माझ्या केसांत हात घातला, तिची सवय आहे ती.

"आई, तुला तुझी खुर्ची मिळाली?"

"मिळाली, राणी."

"ढब्बूच्या आईची होती ती?"

"आधी माझी होती. मग तिची. मग..." बंद लागत नव्हता. मी तो पुन्हा काढला, पुन्हा ओवला.

ती विचारात पडली. तिच्याकडे हे गणित रोजचं होतं : एक जेवताना, एक गोष्टीच्या वेळी. तिनं सोडलेल्या निम्म्या जागेवर हात फिरवला आणि माझ्याकडे पाहिलं.

"मग आता ढब्बूची आई कुठं बसते?"